वाचकांचे प्रश्न : चिचेन इत्झा, सेनोटे आणि एका दिवसाची टूर

मागच्या अंकात मेक्सिकोतल्या युकातान भागाबद्दल आणि तिथल्या माया ह्या मूळच्या लोकांच्या चिचेन इत्झा ह्या जुन्या शहराबद्दल चार ओळी लिहिल्या होत्या, त्यावर रत्नागिरी-सिंधुदुर्गातून बरेच प्रश्न आले. कोणाची लेक टेक्सासला आहे, कोणाचा मुलगा क्रूझवर कामाला आहे, कोणाला नुसतंच समजून घ्यायचंय. म्हणून यावेळचं सगळं सदर त्यालाच दिलंय.

मुलगी-जावई अमेरिकेत असतात, डिसेंबरात आम्हाला कानकूनला नेणार आहेत. तिथून एका दिवसाची गाईड असलेली टूर बघितलीय, चिचेन इत्झा, सेनोटेत (तिथल्या नैसर्गिक विहिरीत) पोहणं, वायादोलिद शहर आणि जेवण. एवढं सगळं खरंच होतं का? आणि मेक्सिकोचा वेगळा व्हिसा काढावा लागतो का? – एक काकू, देवरूख

काकू, होतं, पण कसं होतं ते टूर कोणती घेता यावर आहे. कानकूनहून चिचेन इत्झा साधारण २०० किलोमीटर, म्हणजे एका बाजूला अडीच तास, जाऊन-येऊन पाच तास बसमध्येच, शिवाय वेगवेगळ्या हॉटेलांवरून माणसं गोळा करण्यात सकाळचा वेळ जातो तो वेगळाच. त्यामुळे बुक करताना किंमत नंतर बघा, आधी विचारा की साइटवर किती वाजता पोचणार आणि तिथे किती वेळ देणार. गेट सकाळी आठला उघडतं. आठ-साडेआठला आत असलात तर शांतपणे बघता येतं, अकरानंतर बसच्या बस येऊन थांबतात आणि ऊन असं डोक्यावर येतं की मधल्या मोकळ्या मैदानात सावली शोधावी लागते. आम्ही गेलो होतो त्या टूरवाल्यांनी वाटेत एका दुकानात भरपूर वेळ थांबवलं आणि मग पिरॅमिडजवळ सगळ्यांना घाई केली, फार वाईट वाटलं, म्हणून हे मुद्दाम लिहितेय. दुकानात थांबणार का, किती वेळ, हे स्पष्ट विचारून घ्या. साइटवर निदान अडीच तास हवेतच.

तिकिटाचंही विचारा. चिचेन इत्झाला एक केंद्र सरकारचं आणि एक राज्य सरकारचं अशी दोन वेगळी तिकिटं असतात आणि स्वस्त दिसणाऱ्या टूरमध्ये ती बऱ्याचदा धरलेली नसतात.

अजून एक, कानकून ज्या राज्यात आहे त्या किंताना रोचं घड्याळ, चिचेन इत्झा ज्यात येतं त्या युकातान राज्याच्या एक तास पुढे असतं. जाताना एक तास मिळतो, येताना तोच जातो. मोबाईल आपोआप बदलतो पण हातातलं घड्याळ नाही बदलत, आणि बस किती वाजता सुटणार ते नेमकं कोणत्या वेळेने हे गाईडला विचारून ठेवा.

व्हिसाचं सोपं आहे. अमेरिकेचा चालू व्हिसा पासपोर्टवर असेल तर भारतीयांना पर्यटनासाठी मेक्सिकोचा वेगळा व्हिसा लागत नाही, कॅनडा, यूके, जपान आणि शेंगेनच्या (युरोपातल्या बऱ्याच देशांच्या सामायिक) व्हिसावरही चालतं. पण तुम्हाला परत अमेरिकेत शिरायचंय, तेव्हा तो व्हिसा मल्टिपल एन्ट्रीचा आहे ना ते आधी बघा, आणि निघण्याआधी वकिलातीच्या साइटवर नियम एकदा वाचून घ्या.

सेनोटे म्हणजे नक्की काय? फोटोत मोठी विहीर दिसते. एवढं पाणी येतं कुठून? – एक वाचक, गुहागर

दादा, हे कळलं की अख्खी ट्रिप कळते, त्यामुळे जरा सविस्तर लिहिते. युकातानच्या उत्तर भागात जमिनीवर वाहणारी नदीच नाही. सगळा सपाट चुनखडीचा कातळ, पाऊस पडला की पाणी थेट आत झिरपतं. पावसाच्या पाण्यात हवेतला आणि मातीतला कार्बन डायऑक्साइड मिसळून ते किंचित आम्लधर्मी होतं, चुनखडी त्यात विरघळत जाते, हे लाखो वर्षं चालत राहिलं की आत गुहा आणि लांबच लांब भुयारं होतात, आणि मग एखाद्या ठिकाणी गुहेचं छत पातळ होत होत कोसळतं आणि खालचं पाणी उघडं पडतं. तो सेनोटे. म्हणजे विहीर आपण खणतो, ही आपोआप झालेली असते, आणि खालून एकमेकींना जोडलेली असते. तुलुमजवळची साक आक्तुन नावाची पाण्याखालची भुयारं दुसऱ्या एका भुयारमालिकेला जोडलेली असल्याचं डायव्हिंग करणाऱ्यांनी २०१८ मध्ये शोधलं तेव्हा एकूण लांबी ३४७ किलोमीटर भरली.

समुद्राकाठचे लोक म्हणून तुम्हाला यातली एक गोष्ट लगेच पटेल. आपल्याकडे किनाऱ्यालगतच्या विहिरीतून पंपाने जास्त उपसा केला की मचूळ पाणी यायला लागतं. तिथेही गोडं पाणी हलकं म्हणून वर तरंगतं आणि खाली समुद्राचं खारं पाणी शिरलेलं असतं, खोल सेनोटेत डायव्हिंग करणाऱ्यांना ही दोन पाणी जिथे भेटतात तिथे सगळं धूसर दिसतं.

आणि ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी जी मोठी उल्का पडली, डायनासोर ज्यात संपले, ती ह्याच भागात चिक्शुलूबला पडली होती. खड्ड्याचा व्यास १८० किलोमीटरच्या आसपास. तो आता जमिनीखाली गाडलेला आहे, वरून काही दिसत नाही, पण त्याच्या कडेकडेने सेनोटेंचं अर्धवर्तुळ आहे, नकाशावर बघाल तर ओळखू येतं.

पिरॅमिडवर आता चढू देत नाहीत असं ऐकलं. मग एवढ्या लांब जाऊन बघायचं काय? आणि ते माया लोक गेले कुठे? – निवृत्त शिक्षक, रत्नागिरी

सर, चढायला बरीच वर्षं बंदी आहे आणि ती योग्यच आहे, पायऱ्या फार उभ्या आहेत आणि दगड झिजत चालला होता. खालून बघा आणि मोजा. मधला मोठा पिरॅमिड, कुकुल्कान देवाचं मंदिर, वरच्या गाभाऱ्यासकट ३० मीटर उंच. चारही बाजूंना ९१ पायऱ्या, झाल्या ३६४, आणि वरचा चौथरा धरून ३६५. दगडात उभं केलेलं वर्षच. २१ मार्च आणि २२ सप्टेंबरच्या आसपास दुपारी कलत्या उन्हात उत्तरेच्या जिन्याच्या कठड्यावर सावलीचे त्रिकोण पडतात आणि खाली कोरलेल्या सापाच्या डोक्याला जाऊन मिळतात, त्या दिवशी प्रचंड गर्दी असते. जिन्यासमोर उभं राहून टाळी वाजवा, पक्ष्याच्या ओरडण्यासारखा प्रतिध्वनी येतो.

पण मला विचाराल तर तिथलं सगळ्यात महत्त्वाचं ठिकाण पिरॅमिडपासून उत्तरेला थोडं चालून आहे आणि बहुतेक टूरवाले तिथे नेतच नाहीत, 'वेळ असेल तर तुमचं तुम्ही बघून या' म्हणतात. तो पवित्र सेनोटे. साधारण ६० मीटर रुंद, हिरवं पाणी, उभ्या कडा, आणि पिरॅमिडपासून थेट त्याच्यापर्यंत बांधलेला रस्ता. १९०४ पासून एडवर्ड थॉम्पसन नावाच्या अमेरिकन माणसाने त्यातला गाळ उपसला तेव्हा जेड नावाचा मौल्यवान हिरवा दगड, पार मध्य अमेरिकेतून आलेलं सोनं, आणि माणसांची हाडं निघाली, त्यात लहान मुलांचीसुद्धा. पाऊस यावा म्हणून चाक नावाच्या पर्जन्यदेवाला दिलेलं हे सगळं. ह्या काठावर थोडा वेळ उभं राहा. शहरात दुसराही एक सेनोटे आहे, श्तोलोक, त्याचं पाणी रोजच्या वापराचं होतं. एक पाणी देवाचं, एक माणसांचं, आणि दोन्हींच्या मधे हे शहर. २०१५ मध्ये तर संशोधकांनी जमिनीत वीजप्रवाह सोडून तपासणी केली आणि खुद्द पिरॅमिडच्या खालीसुद्धा पाण्याची पोकळी असल्याचं जाहीर केलं. त्यामुळे 'सकाळी दगड, दुपारी स्विमिंग' असं टूरच्या पत्रकात असतं ना, तसे दोन भाग मुळात नाहीतच, दुपारी तुम्ही ज्या पाण्यात उतराल त्याच्याच जोरावर सकाळचं सगळं उभं राहिलंय.

चेंडूचं मैदान चुकवू नका, १६८ मीटर लांब आहे. आणि चिकूवाल्या पालघरकरांसाठी एक खास, मंदिरांच्या दरवाजांवरच्या लाकडी तुळया चिकूच्या लाकडाच्या आहेत. चिकूचं झाड मूळचं त्याच भागातलं, लाकूड एवढं कठीण की काही तुळया हजारेक वर्षं टिकल्यात.

आणि माया लोक कुठेही गेलेले नाहीत, सर. शहरं ओस पडली, माणसं राहिली. युकातानी माया भाषा बोलणारे आजही साडेसात लाखांच्या वर लोक आहेत. १५६२ मध्ये दिएगो दे लांदा नावाच्या पाद्र्याने मानी गावात त्यांच्या पोथ्या जाळल्या, आज जगात त्यांच्या फक्त चार पोथ्या उरल्यात, पण भाषा घराघरात राहिली. म्हणून गाईड शक्यतो माया घरातला मागा. इंग्रजी थोडं अडखळत असेल तरी चालेल, तो स्वतःच्या आजीचं सांगेल.

मी क्रूझवर कामाला आहे, जहाज कोझुमेलला दिवसभर थांबतं. शोअर लीव्ह (किनाऱ्यावर उतरायची सुट्टी) मिळाली तर चिचेन इत्झा करता येईल का? – एक वाचक, मालवण

नको रे बाबा. कोझुमेल बेट आहे, तिथून फेरीने प्लाया देल कार्मेनला यायला पाऊण तास, पुढे रस्त्याने दोन-अडीच तास, आणि तेवढंच परत. फेरी हुकली की जहाज हुकलं. त्यापेक्षा तुलुम कर, प्लायापासून तासाभरावर, समुद्राच्या कड्यावर तटबंदी असलेलं माया शहर, बघताना विजयदुर्ग आठवेल. जवळपास सेनोटे पुष्कळ आहेत. वेळ अगदीच कमी असेल तर कोझुमेलवरच सान हेर्वासिओचे अवशेष आहेत, इश्चेल देवीचं तीर्थस्थान होतं ते.

आईला पोहता येत नाही, वय ६८. सेनोटेत उतरता येईल का? आणि सनस्क्रीन लावू देत नाहीत ते का? – एक ताई, दापोली

ताई, येईल. चिचेन इत्झाजवळच्या इक किल सेनोटेत बहुतेक टूर नेतात, तिथे लाईफ जॅकेट सगळ्यांनाच घालावं लागतं. पाणी जमिनीच्या पातळीपासून जवळपास २६ मीटर खाली आहे, म्हणजे पोहण्यापेक्षा जिन्याचा प्रश्न मोठा, पायऱ्या ओल्या असतात, आईंचे गुडघे दुखत असतील तर वरच्या कठड्यावरूनही ते फार सुंदर दिसतं, वेली वरून थेट पाण्यापर्यंत लोंबतात. आत उतरणार असाल तर पकड असलेल्या रबरी चपला न्या. पाणी गार असतं, २४-२५ अंश. पाय टेकत नाहीत हे आईंना आधीच सांगा, काठाजवळ दोरी धरून बसलं तरी छान वाटतं.

सनस्क्रीनचं कारण वर लिहिलंय तेच. सगळी भुयारं जोडलेली, नदी नाही, आजूबाजूच्या गावांचं पिण्याचं पाणी ह्याच साठ्यातून येतं. म्हणून आधी शॉवर घ्यायला लावतात, अंगावरचं तेल, क्रीम, डास मारायचं औषध सगळं धुऊन. पाकिटावर बायोडिग्रेडेबल लिहिलं असलं तरी लावू नका. पिरॅमिड बघताना उन्हासाठी पूर्ण बाह्यांचा सुती शर्ट आणि टोपी, एवढं पुरतं. शॉवर चुकवून कोणी उतरत असेल तर सरळ टोका, दुसऱ्याच्या पिण्याच्या पाण्यात उतरतोय आपण.

आपल्याकडे असं काही नाही का, जुनं आणि पाणी एकत्र, एका दिवसात होणारं? – एक वाचक, राजापूर

तुमच्याच तालुक्यात आहे की! बारसू, देवाचे गोठणे, देवीहसोळ, आणि कशेळीचा तो कातळात कोरलेला १८ मीटरचा हत्ती. कोकणातली कातळशिल्पं २०२२ मध्ये युनेस्कोच्या तात्पुरत्या यादीत गेली आहेत. गाईड स्थानिक घ्या, नाहीतर सड्यावर नुसतेच फिराल, आणि चप्पल-बूट घालून कोरीव रेषांवर चढू नका. पावसाळ्यात गवत असतं, डिसेंबर-जानेवारी उत्तम. सेनोटे मात्र आपल्याकडे होत नाहीत, जांभा चुनखडीसारखा विरघळत नाही. पाणी बघायचं तर वैभववाडीजवळ नापणे, हा धबधबा बारमाही आहे. पण डोहाच्या खोलीचा अंदाज येत नाही, तिथल्या माणसाला विचारल्याशिवाय उतरू नका.

शाकाहारी जेवण मिळेल का? – बरेच जण

मिळतं. मक्याच्या भाकऱ्या, काळ्या घेवड्याची उसळ, भात, पपई, अननस. भोपळ्याच्या बियांची सिकिल पाक नावाची चटणी मागा, आपल्या तोंडाला एकदम लागते. फक्त उसळीत डुकराची चरबी असू शकते, तेव्हा 'सिन कार्ने, सिन मान्तेका' म्हणजे मांस नको, चरबी नको असं दोन्ही सांगा. हाबानेरो मिरची आधी बोटाच्या टोकावर घेऊन बघा.