इंग्लंडच्या फुटबॉलमधल्या कम्युनिटी शील्डमध्ये नेमके कोणते संघ खेळतात, बरोबरी झाली तर काय होतं, आणि तो खरा किताब मानायचा का?

एका बाजूला प्रीमियर लीगचा, म्हणजे तिथल्या सर्वोच्च साखळी स्पर्धेचा विजेता, दुसऱ्या बाजूला एफए कप ही बाद फेरीची स्पर्धा जिंकणारा संघ; नवा हंगाम सुरू होताना एकच सामना. इथवर सोपं आहे. घोळ होतो तो दोन्ही किताब एकाच क्लबने जिंकले की. तेव्हा जागा कपच्या उपविजेत्याला मिळते असं पुष्कळांना वाटतं. ती मिळते लीगमध्ये दुसरा आलेल्या संघाला. २०२३ मध्ये मँचेस्टर सिटीकडे दोन्ही किताब होते. कपची फायनल हरला होता मँचेस्टर युनायटेड, पण शील्डला सिटीसमोर उतरला आर्सेनल, आणि जिंकलाही. १९७१ मात्र अपवाद: दोन्ही किताब जिंकलेल्या आर्सेनलचे मैत्रीपूर्ण सामने आधीच ठरलेले होते, म्हणून लिव्हरपूलविरुद्ध दुसऱ्या डिव्हिजनचा विजेता लेस्टर खेळला.

बरोबरी झाली तर जादा वेळ नाही, ९० मिनिटांनंतर थेट पेनल्टी. २०२३, २०२४ आणि २०२५ हे तिन्ही सामने पेनल्टीवरच सुटले. १९९३ च्या आधी बरोबरीत शील्ड वाटून घ्यायची पद्धत होती, दोघांकडे सहा-सहा महिने. वेगवेगळ्या याद्यांमधले आकडे जुळत नाहीत ते यामुळेच. युनायटेडच्या नावावर २१ शील्ड लागतात, त्यातल्या ४ वाटून घेतलेल्या आहेत.

सामना लंडनच्या वेम्ब्ली मैदानावर होतो, पण दरवर्षी तिथेच होतो असं धरू नका. नवं वेम्ब्ली बांधलं जात असताना २००१ ते २००६ तो कार्डिफला होता, २०१२ ला ऑलिम्पिकमुळे व्हिला पार्कवर, २०२२ ला महिला युरोच्या (युरोपीय अजिंक्यपद) फायनलमुळे लेस्टरला. तिकीट काढायचं असेल तर आधी मैदान बघा, मग हॉटेल.

पैशाचा भाग लोक विसरतात. उत्पन्न एफए कपच्या पहिल्या फेरीपासून पुढे खेळलेल्या १२४ क्लबांना जातं आणि ते आपल्या पसंतीच्या सेवाभावी कामांना देतात. उरलेलं एफएच्या (इंग्लंडची फुटबॉल संघटना) भागीदार संस्थांना. १९०८ पासून नाव ‘चॅरिटी शील्ड’ होतं. तिकिटातले किती पैसे दानाला जातात हे एफए स्पष्ट सांगत नव्हती, देणंही वेळेवर पोहोचत नव्हतं. सेवाभावी संस्थांवर देखरेख ठेवणाऱ्या चॅरिटी कमिशनने बोट ठेवल्यावर २००२ मध्ये नाव बदललं. टीका रास्तच होती.

किताब मानायचा का? नोंदीत तो अधिकृत आहे, पण माझ्या मते लीग आणि कपच्या रांगेत बसत नाही. त्यातून युरोपातल्या क्लब स्पर्धांत प्रवेश मिळत नाही, आणि बरेच प्रशिक्षक त्याकडे शेवटचा सराव म्हणून बघतात. तरी मैत्रीपूर्ण म्हणून हलक्यात घेऊ नका. १९७४ मध्ये मारामारी करून बाहेर गेलेल्या लिव्हरपूलच्या केव्हिन कीगन आणि लीड्सच्या बिली ब्रेमनरने जाताना जर्सी काढून फेकल्या; दोघांना प्रत्येकी ५०० पौंड दंड आणि ११ सामन्यांची बंदी.

यावरून लीगचा अंदाज बांधण्यातही अर्थ नाही: २०२३ ला शील्ड आर्सेनलकडे, त्या हंगामाची लीग सिटीकडे, २०२४ ला शील्ड सिटीकडे, त्या हंगामाची लीग लिव्हरपूलकडे. फँटसी (खऱ्या खेळाडूंच्या कामगिरीवर गुण मिळणारा ऑनलाइन खेळ) संघ निवडताना तर जास्तच जपून. वर्ल्ड कप किंवा युरोच्या उन्हाळ्यात उशिरा सुट्टी संपवून आलेले खेळाडू इथे बाकावर दिसतात, आणि इथल्या गोलांचे गुणही मिळत नाहीत.