पेजला मुक्काम आणि कनॅबची टूर: वेळेचं आधी लेखी घ्या

खानापूरकर, तुमची पोस्ट आमच्या यांना वाचून दाखवली. ते म्हणाले, "हे तर आपलंच गाऱ्हाणं कुणीतरी टाइप केलंय." अमेरिकेत फिनिक्सला भाऊ, जुलैमध्ये आईला घेऊन जाणार, अॅरिझोनातल्या पेजला मुक्काम आणि दुसऱ्या दिवशी सकाळी साडेसातला युटातल्या कनॅबहून निघणारी दिवसभराची टूर. आधी चिंचोळी दरी, मग गुलाबी वाळूच्या टेकड्या आणि सँडबोर्डिंग, म्हणजे फळीवरून वाळूच्या उतारावर घसरणं. आईच्या गुडघ्याला झेपेल का आणि कपडे काय न्यायचे, हे तुम्ही विचारलंय. आणि जाता जाता लिहिलंय की टूरवाल्यांनी 'लोकल टाइम'प्रमाणे या म्हणून कळवलंय. गुडघ्याचं नंतर बघू, आधी ही 'लोकल टाइम'ची भानगड निस्तरा.

व्हिसा, विमान, इन्शुरन्स वगैरे तुम्ही केलेलं असणारच, त्यात मी शिरत नाही.

मुद्दा असा. युटा राज्य उन्हाळ्यात घड्याळ एक तास पुढं करतं, अॅरिझोना करत नाही. 1968 पासून करत नाही. म्हणजे मार्चच्या दुसऱ्या रविवारपासून नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारपर्यंत पेजला साडेसहा वाजलेले असतात तेव्हा कनॅबला साडेसात वाजलेले असतात. दोन्ही गावांमध्ये अंतर जेमतेम सव्वाशे किलोमीटर, सव्वा तासाचा रस्ता. पेजला लागूनच नवाहो लोकांचा मोठा प्रदेश आहे. तो बहुतेक अॅरिझोनातच येतो, पण नवाहो मंडळी घड्याळ पुढं करतात. आणि त्या नवाहो प्रदेशाच्या पोटात होपी लोकांचा प्रदेश आहे, ते पुन्हा करत नाहीत. आता मोबाइलनं कुठला टॉवर पकडायचा? आमच्या फेरीत पेजला हॉटेलच्या खोलीत बसल्या बसल्या माझा फोन एक वेळ दाखवायचा आणि लेकीचा दुसरी. खिडकीजवळ नेला की बदलायचा.

आमची लेक हुशार आहे. तिला हे माहीत होतं, आणि आमची कनॅबची टूर आठची होती, म्हणून तिनं आदल्या दिवशी टूरवाल्यांच्या ऑफिसला फोन लावला. ऑफिसचं नाव लिहीत नाही, कृपया कुणी मेसेज करून विचारू नका. तिनं सरळ विचारलं, "आठ म्हणजे कुणाचे आठ? आम्ही पेजला उतरलोय." पलीकडची बाई गोड आवाजात म्हणाली, "काही काळजी करू नका, तुमचा फोन बरोबर वेळ दाखवेल." लेकीनं पुन्हा विचारलं, पुन्हा तेच उत्तर. 'युटाचे आठ' एवढे दोन शब्द त्या बाईच्या तोंडून निघाले असते तर आमचे पैसे वाचले असते. फोननं रात्रभर पेजची वेळ दाखवली, आम्ही त्याच्या भरवशावर निघालो, आणि कनॅबच्या अलीकडं एकदम तासानं पुढं उडी. पोचलो तेव्हा गाडी केव्हाच गेलेली. काउंटरवरच्या पोरानं स्क्रीनकडं बघत 'नो-शो', म्हणजे आलेच नाहीत, असं म्हटलं आणि पुढच्या गिऱ्हाइकाला हाक मारली. माणशी शंभर डॉलरच्या वर, तिघांचे गेले.

मला राग कशाचा आला सांगू? त्यांच्याच जाहिरातीत मोठ्या अक्षरात लिहिलंय की आमचं ठिकाण पेजपासून जवळ आहे. म्हणजे निम्मी गिऱ्हाइकं पेजहून येतात हे त्यांना पक्कं ठाऊक. मग तिकिटावर राज्याचं नाव लिहायला शाई लागते काय? दुपारी दुसऱ्या टूरवाल्याला विचारलं तर तो हसून म्हणाला, हे रोजचंच आहे. रोजचं आहे तर मग अजूनच वाईट!

परत आल्यावर कार्डानं भरलेले पैसे परत मिळावेत म्हणून तक्रार केली. इथल्या बँकेच्या शाखेत एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर, मग मुंबईला ई-मेल, मग 'पुरावा जोडा'. लेकीच्या फोनची कॉल लिस्ट जोडली. पण बोलणं काय झालं याचा पुरावा कुठून आणणार? टूरवाल्यांनी उत्तरात बुकिंगच्या अटींचं पान पाठवलं आणि बँकेनं फाइल बंद केली. म्हणून सांगते, फोनवर विचारू नका, ई-मेलवर विचारा. एकच प्रश्न: आमची गाडी युटाच्या वेळेनं किती वाजता सुटते आणि अॅरिझोनाच्या वेळेनं किती वाजता? दोन्ही आकडे लेखी आले पाहिजेत. 'फोन दाखवेल' असं उत्तर आलं, तर रद्द करायची मुदत संपायच्या आत रद्द करून दुसरीकडं बुक करा. माझं हे मत जरा टोकाचं वाटेल, पण ज्या ऑफिसला आपल्या गावची वेळ सांगता येत नाही, त्याच्या गाइडच्या मागं मी दरीत उतरणार नाही.

साडेसात युटाचे असतील तर पेजच्या घड्याळानं पहाटे पाचला गाडी सुरू झाली पाहिजे. भावाच्या फोनवर ऑटोमॅटिक टाइम बंद करून ठेवा आणि आईच्या हातातलं साधं घड्याळ युटाच्या वेळेला लावा. शक्य असेल तर पेजचं हॉटेल सोडून आदल्या रात्री कनॅबलाच मुक्काम करा, सगळा ताप वाचतो. त्याच फेरीत पेजची अँटिलोप कॅन्यन करणार असाल तर ती मंडळी पेजच्या वेळेनं चालतात, दरी नवाहो जमिनीवर असली तरी. तिथं नवाहो गाइडशिवाय आत सोडत नाहीत आणि पिशव्या-पर्स चालत नाहीत, फोन खिशात ठेवायचा. आणि कुणी लास वेगासहून कनॅबला येत असेल तर त्यांनाही हाच एक तासाचा फटका, तो तर हिवाळ्यातसुद्धा.

आता जुलैचं. तिकडचा पावसाळा साधारण जुलैच्या मध्यापासून सप्टेंबरपर्यंत. पाऊस आपल्यासारखा दिवसभर लागत नाही, दुपारी कुठंतरी ढग फुटतो आणि मोकळा होतो. दरीत मात्र त्याचं पाणी भिंतीसारखं येतं. लोकांना वाटतं, वर निळं आभाळ आहे म्हणजे भीती नाही. तुम्ही आपल्या बेळगाव भागातले आहात, तुम्हाला वेगळं सांगायला नको: चिकोडीकडं कडक ऊन असतं आणि कोयनेचं पाणी सोडलं की कृष्णाकाठची गावं हलवावी लागतात. तिथं तेच, फक्त दिवसांऐवजी मिनिटांत. 1997 च्या 12 ऑगस्टला लोअर अँटिलोप कॅन्यनमध्ये 11 पर्यटक पुरात वाहून मेले, पाऊस वरच्या अंगाला लांब झाला होता. 2015 च्या सप्टेंबरमध्ये युटातल्या झायन नॅशनल पार्कच्या कीहोल कॅन्यनमध्ये 7 जण मेले. त्यामुळे गाइडनं सकाळी 'आज दरी रद्द' म्हटलं तर वाद घालू नका. फक्त बुक करतानाच विचारून ठेवा की तशा वेळी पैसे परत मिळतात की दुसरी जागा दाखवतात.

कनॅबच्या बहुतेक टूर पीक-अ-बू नावाच्या दरीत नेतात. स्वतःच्या गाडीनं जायचा विचारही करू नका. तिथवरचा रस्ता म्हणजे भुसभुशीत वाळू आहे. भाड्याच्या गाडीच्या करारात कच्च्या रस्त्यावर नेऊ नये असं बहुधा लिहिलेलंच असतं, आणि रुतली तर ओढून काढणारा तोंडाला येईल ते मागतो. टूरवाले उघड्या चारचाकी यूटीव्हीतून नेतात. तुमच्या आईच्या गुडघ्यापेक्षा मला त्यांच्या कमरेची काळजी जास्त वाटते, कारण ती गाडी अशी उडते की बोलताना जीभ चावली जाते. पुढची सीट मागून घ्या. दरीतलं चालणं थोडं आणि सपाट आहे, पायाखाली वाळूच. तिथं गुडघ्याला त्रास नाही.

आत गेल्यावर फोटोच्या नादात भिंत बघायची राहते. आम्हाला दुपारी नेणाऱ्या गाइडनं आमच्या यांचा हात धरून भिंतीवरच्या तिरक्या रेघांवर ठेवला. एकावर एक थर, मध्येच दिशा बदललेली. या रेघा म्हणजे जुन्या वाऱ्यानं रचलेल्या वाळूच्या टेकड्या. सुमारे 19 कोटी वर्षांपूर्वी इथं वाळवंट होतं, त्या टेकड्या दगड झाल्या, त्याला नवाहो सँडस्टोन म्हणतात. मग तोच दगड झिजला, सुटलेली वाळू वारा दोन डोंगरांमधल्या खिंडीतून घेऊन गेला, आणि खिंडीपलीकडं वाऱ्याचा जोर कमी झाला तिथं टाकली. तेच कोरल पिंक सँड ड्यून्स. रंग लोहाच्या गंजाचा. म्हणजे सकाळी ज्या भिंतीला हात लावायचा तिच्याच वाळूवरून नंतर घसरायचं. आमच्या यांच्या शर्टाची बाही भिंतीला घासली तर तिच्यावर गुलाबी कण लागले होते. ते संध्याकाळी टेकडीवरच्या वाळूशेजारी धरून बघितले, फरक सांगता येईना. एवढं बघूनही हे म्हणाले, "कशाला आलोय गं हितं, मार्कंडेय नदीच्या काठाला वाळू काय कमी हाय?" असो.

सँडबोर्डिंगबद्दल. मी काही खेळाडू नाही, वय साठीच्या आसपास, तेव्हा हे त्या हिशेबानं वाचा. बोर्डाची खालची बाजू गुळगुळीत असते, तिला दर फेरीआधी मेण घासायचं. गाइड दोन हात मारून देतात, ते पुरत नाही. वडी मागून घ्या आणि स्वतः घासा, कडेपर्यंत. मेण नसलं तर बोर्ड अर्ध्या उतारावर थबकतो आणि माणूस पुढं जातो. वाळू कोरडी हवी, आदल्या रात्री पाऊस झाला असेल तर मजा नाही. उभं राहायचं तर गुडघे वाकवून भार मागच्या पायावर. तोल गेला तर हात पुढं न टेकता ढुंगणावर बसायचं, मनगटं शाबूत राहतात. मी पहिल्यापासून बसूनच गेले आणि मला काही कमीपणा वाटला नाही. खरा दम निघतो तो वर चढताना, कारण लिफ्ट-बिफ्ट काही नाही. तीव्र बाजूनं चढू नका, टेकडीच्या कण्यावरून, म्हणजे वरच्या धारेवरून, तिरकं चढा, पुढच्या माणसाच्या पावलात पाऊल टाकून. टोकावर पोचल्यावर पलीकडून एटीव्ही (वाळूत पळणारी छोटी गाडी) येत नाही ना ते बघून मगच बसा. त्या टेकड्यांवर गाड्या फिरवायला परवानगी आहे आणि कण्यापलीकडचा माणूस त्यांना दिसत नाही. काही भाग राखून ठेवलेले आहेत, तिथं जगात फक्त याच टेकड्यांवर सापडणारा एक टायगर बीटल किडा राहतो. फोटोसाठी आत शिरू नका.

आईंनी चढू नये असं माझं मत, डॉक्टरांना विचारून काय ते ठरवा. पार्किंगजवळच्या छोट्या उतारावर स्लेजवर बसवून त्यांना एकदा सोडा, खाली भावाला उभं करा. टूरच्या पैशांत बोर्ड धरलेला असतो, पण स्लेज मिळेल का ते विचारा. नसेल तर त्या टेकड्यांच्या सरकारी पार्कच्या ऑफिसात बोर्ड आणि स्लेज दोन्ही भाड्यानं मिळतात.

तुमच्या टूरवाल्यांना एक गोष्ट सुचवून बघा, आधी दरी आणि दुपारी टेकड्या असा क्रम असेल तर तो उलटा होतो का. जुलैमध्ये दुपारची वाळू तव्यासारखी तापते, चप्पल घातली तरी पाय भाजतात. आमची टूर चुकल्यामुळं टेकड्या आपोआप संध्याकाळी वाट्याला आल्या, तेवढाच फायदा. पण म्हणून त्या ऑफिसचे आभार मानणार नाही.

कपडे: पूर्ण बाह्यांचे, सुती. साडी नको, आईंना पंजाबी ड्रेस घालू दे आणि ओढणीला गाठ मारा. चष्मा दोरीनं बांधा, कॉन्टॅक्ट लेन्स असतील तर त्या दिवशी नको. फोन झिपच्या पिशवीत, नाहीतर चार्जिंगच्या भोकात वाळू जाते. पाणी माणशी तीन लिटर, आणि घरची शेंगाचटणी-चपाती बरोबर घ्या. टूरवाल्यांच्या डब्यात गार सँडविच आणि चिप्स निघतात, त्यात बहुधा टर्की असते हे शाकाहाऱ्यांनी लक्षात घ्या. बूट बंद आणि मोजे जुने न्या, ते परत धुवून वापरण्यासारखे राहत नाहीत.