चाहत्यांचं प्रेम आणि उसना आवाज

प्रश्न : आवडत्या गायकाच्या वाढदिवसासाठी आमच्या ग्रुपने त्याने कधीच न गायलेलं गाणं एआयने त्याच्या आवाजात बसवलंय. चेहराही गाताना दिसतो. पैसे कमवायचे नाहीत. कॅप्शनमध्ये 'एआय' लिहिलं की पुरे ना?

उत्तर : नाही. व्हिडिओ डाउनलोड करून कुणी पुन्हा टाकला की कॅप्शन मागेच राहते. स्क्रीन रेकॉर्डिंगमध्ये तर फाइलमधला मेटाडेटाही, म्हणजे फाइलसोबत साठवलेली तिची माहितीही, गळून जाते. म्हणून 'आवाज आणि चेहरा एआयने बनवलेला' ही अक्षरं चित्रातच, पहिल्या फ्रेमपासून शेवटच्या फ्रेमपर्यंत हवीत. कोपऱ्यात नकोत. आडवा १६:९ व्हिडिओ पूर्ण उंची ठेवून ९:१६ असा उभा कापला, की रुंदीचा जेमतेम एक तृतीयांश भाग उरतो आणि कोपरे आधी उडतात. पट्टी मधोमध, हनुवटीच्या खाली ठेवा. नुसता ऑडिओही फिरतो, तेव्हा सुरुवातीला तेच वाक्य बोलूनही सांगा.

एवढं करूनही मुख्य प्रश्न उरतोच. लेबलमुळे ऐकणारा फसत नाही, पण ज्याचा आवाज घेतला त्याला कुणी विचारलेलं नसतं. ए. आर. रहमान यांनी २०२४च्या एका तमिळ गाण्यासाठी दोन दिवंगत गायकांचे आवाज एआयने घडवले, तेव्हा कुटुंबीयांची परवानगी घेतली आणि मानधनही दिलं. तुमचा गायक तर हयात आहे. त्याच्या अधिकृत टीमला तयार क्लिप, गाण्याचे शब्द, ती कुठे आणि किती दिवस ठेवणार हे कळवा. उत्तर आलं नाही तर ती संमती समजू नका. आमचं मत विचाराल, तर ग्रुपमधल्या कुणीतरी स्वतःच्या गळ्यातून गावं. थोडं बेसूर झालं तरी ती भेट तुमची असेल.

प्रश्न : एका अभिनेत्रीचा अश्लील व्हिडिओ ग्रुपवर आलाय. खरा की डीपफेक, कसं ओळखायचं?

उत्तर : ओळखत बसू नका. खरा असला तरी तिच्या संमतीशिवाय तो फिरवणं तितकंच वाईट. 'हा खोटा आहे' असं सांगायलाही पुढे पाठवू नका. लिंक, अकाउंटचं नाव, तारीख आणि वेळ लिहून घ्या, संमतीविना टाकलेलं खासगी चित्रण म्हणून रिपोर्ट करा आणि अ‍ॅडमिनला तो सगळ्यांसाठी डिलीट करायला लावा. संमतीविना फिरणारं खासगी चित्रण रोखणाऱ्या 'स्टॉपएनसीआयआय' या ऑनलाइन सेवेत व्हिडिओ फोनमध्येच राहतो, त्याचा फक्त हॅश, म्हणजे व्हिडिओवरून काढलेला ओळख-कोड, सहभागी कंपन्यांकडे जातो. मात्र तिथे तक्रार जिचं चित्रण आहे तिनेच करायची असते, म्हणून तिच्या टीमला लिंक कळवा, व्हिडिओ पाठवू नका.