मोस्ट वॉन्टेड ३०० एमबीत बसतो का?

सरळ सांगतो, ती फाईल सोडून द्या. तुम्ही विचारलंय की २००५ चा नीड फॉर स्पीड मोस्ट वॉन्टेड हा गाड्यांच्या शर्यतीचा गेम जुन्या लॅपटॉपवर टाकायचाय, खानापूरच्या पुढं गावात नुसतं मोबाईलचं नेट, तर ३०० एमबीची हायली कंप्रेस्ड, म्हणजे दाबून छोटी केलेली फाईल घेतली तर चालेल का. आता बघा, मूळ गेमला ३ जीबीच्या आसपास जागा लागते, त्यात गाणी, आवाज आणि खरे नट घेऊन शूट केलेले व्हिडिओ, आणि असला माल आधीच दाबून ठेवलेला असतो, तो परत दाबला तरी फारसा कमी होत नाही. मग कोण ३०० म्हणत असेल तर त्यानं काहीतरी कापलंय नाहीतर आत गेमच नाही. १० एमबीवाल्यांचं तर बोलूच नका, झिपला पासवर्ड, पासवर्डसाठी सर्वे भरा, मग अजून एक सॉफ्टवेअर टाका, अँटिव्हायरस बंद करा, आणि शेवटी ब्राउझर उघडला की नुसत्या जाहिराती. मी संध्याकाळी शहापुरात मित्राच्या दुकानात बसतो, सुट्टी लागली की पोरं असलेच लॅपटॉप फॉरमॅट मारायला घेऊन येतात.

रिप आणि रिपॅक वेगळं हां. रिपमध्ये व्हिडिओ-गाणी उडवलेली असतात, आणि या गेममध्ये व्हिडिओ नसले तर रेझर नावाच्या व्हिलननं तुमची बीएमडब्ल्यू कशी ढापली तेच कळत नाही, मग ब्लॅकलिस्टवरच्या, म्हणजे रेसर लोकांच्या यादीतल्या १५ जणांना हरवायचं तरी कशाला. चांगल्या रिपॅकमध्ये कापत नाहीत, फक्त जास्त घट्ट बांधतात, पण ते सोडवायचं काम तुमच्या प्रोसेसरच्या गळ्यात, डाउनलोडला वाचलेला वेळ इन्स्टॉल खाऊन टाकतं. जुनी हार्ड डिस्क, कमी रॅम असली की बराच वेळ तसंच बसायचं, कधी मध्येच एरर, आणि त्यात लाईट गेली, बॅटरी आधीच मेलेली, मग झालं, परत पहिल्यापासून. जागा पण डबल धरा, दाबलेली फाईल प्लस सुटलेला गेम. आणि हे सगळं चोरीचंच, ते वेगळं सांगायला नको.

विकत घेतो म्हणाल तर स्टीमवर (गेम विकणारं ऑनलाइन दुकान) मोस्ट वॉन्टेड दिसतो तो २०१२ चा, नाव तेच पण गेम दुसराच. याच मालिकेतले कार्बन, अंडरकव्हर, द रन हे गेम ईए या कंपनीनं २०२१ च्या मे अखेरीस विक्रीतनं काढले. जुनी ओरिजिनल डीव्हीडी कुणाकडं मिळाली तरी त्या काळच्या बऱ्याच डिस्कवर सेफडिस्क नावाचं, कॉपी होऊ नये म्हणून घातलेलं कुलूप असायचं, ते विंडोज १० मध्ये चालतच नाही, त्यामुळं घ्यायच्या आधी विचार करा.

माझं ऐकाल तर फ्लॅटआउट २ घ्या, २००६ चा आहे, गाडी ठोकायची मजा मोस्ट वॉन्टेडपेक्षा मला तरी जास्त येते (पोलीस मात्र नाहीत), सेलमध्ये लई स्वस्त होतो. गॉगवरनं (हे पण गेमचं ऑनलाइन दुकानच) घेतला तर बेळगावात कुणाच्या तरी वायफायवर इन्स्टॉलर उतरवून पेनड्राइव्हवर गावाला नेता येतो, नंतर नेट लागत नाही. एक रुपया पण घालायचा नसेल तर ट्रॅकमेनिया नेशन्स फॉरएव्हर हा रेसिंग गेम, २००८ चा, कंपनीनंच फुकट दिलाय आणि एवढा हलका की रोजच्या दीड जीबीच्या पॅकमध्ये सुद्धा उतरेल. लॅपटॉपचं ग्राफिक्स कुठलं आहे ते लिहा, मग सेटिंग काय ठेवायची सांगतो.