सुपडू पणजोबांचं नाव

लाइपझिग, जर्मनी

चि. मुक्ता,
अनेक आशीर्वाद.

रविवारी फोनवर तू एका दमात तीन प्रश्न विचारलेस आणि उत्तर ऐकायच्या आत मायच्या, म्हणजे तुझ्या आजीच्या, मागे गिरणीवर पळालीस. म्हणून सविस्तर लिहितेय. सुपडू पणजोबांच्या नावाला शाळेत मुलं हसली, असं नाव कुणी ठेवतं का? वर्गात एवढे पाटील आहेत, ते सगळे आपले नातेवाईक का? आणि हजेरीत आधी 'पाटील', मग 'मुक्ता', मग बाबांचं नाव. त्यात आईचं नाव का नाही?

सुपडू पणजोबांचं आधी सांगते. मुलं हसली हे ऐकून मला वाईट वाटलं.

त्यांच्याआधी झालेली दोन बाळं वर्षाच्या आत गेली होती. तेव्हा देवी, पटकी, प्लेग अशा साथी खेडोपाडी यायच्या आणि घरात पाळणा हलला तरी आई वर्षभर धास्तावलेली असायची. तिसरं बाळ झालं तेव्हा तुझ्या खापरपणजीनं त्याला सुपात घातलं. माय दादर ज्वारी पाखडते ना, तसंच सूप, बांबूच्या कामट्यांचं, शेणानं सारवलेलं. ते उचलून शेजारणीच्या ओट्यावर ठेवलं आणि सांगितलं, हे तुझं. मग तिच्या ओंजळीत पसाभर दादर घालून तेच बाळ परत विकत आणलं. म्हणजे आता ते या घरचं राहिलं नाही, दाण्यांवर घेतलेलं झालं. या घरची लेकरं नेणाऱ्याची नजर त्याच्यावर पडू नये, एवढ्यासाठी हा सगळा खटाटोप. सुपात घातलं म्हणून सुपडू.

आपल्याकडे अशी नावं खूप सापडतील. दगडू आणि धोंडू म्हणजे दगडासारखा टिको. कचरू म्हणजे उकिरड्यावर टाकलेला, याला कोण नेतंय? भिका म्हणजे भीक मागून मिळालेला. नथू म्हणजे मुलगी वाटावी म्हणून ज्याचं नाक टोचून नथ घातली तो. दोन लेकरं पुरलेल्या बाईनं तिसऱ्याला सुंदर नाव ठेवायचा मोह आवरला, तो केवळ त्याच्या जिवासाठी. आपल्या घराण्यात इतका जीव लावून ठेवलेलं दुसरं नाव असेल असं मला वाटत नाही.

आणि हे फक्त अमळनेर-पारोळ्याकडचंच आहे असं समजू नकोस. नायजेरियातल्या योरुबा लोकांत, ज्या घरात बाळं जगत नाहीत तिथे कोकुमो असं नाव ठेवत, अर्थ 'आता हा पुन्हा मरणार नाही'. दुसरं एक नाव दुरोजाये, म्हणजे 'थांब, हे जग भोग'. पूर्व युरोपातले ज्यू लोक आजारी बाळाला आल्टर म्हणत, म्हणजे म्हातारा. मृत्यूचा दूत लहान बाळ शोधत आला तर त्याला सापडू नये म्हणून. कोरियात आणि चीनमध्ये लाडक्या पोराला मुद्दाम कुत्र्याची, घाणीची नावं देत. यांच्यापैकी कुणी आपल्या गावचं सूप पाहिलं नव्हतं, तरी प्रत्येक आईनं तीच युक्ती केली.

आबा सांगतात, शाळेत घालताना मास्तरांनी रजिस्टरात 'श्रीपत' असं लिहून टाकलं होतं. पण गावानं ते घेतलं नाही. सातबाऱ्यावरही सुपडूच आहे, आबांना काढून दाखवायला सांग. नाव कागदावर चढलं म्हणजे लोकांच्या तोंडी बसतंच असं नाही. अकबरानं १६०१ मध्ये असीरगड घेतला आणि आपल्या दानियाल नावाच्या मुलावरून खान्देशाचं नाव 'दानदेश' केलं. एवढा मोठा बादशहा, पण आज तुला दानदेशी मांडे कुणी वाढतं का?

आता पाटील. नाही गं, सगळे नातेवाईक नाहीत. पाटील हा गावचा अधिकार होता. सारा वसूल करायचा, बांधाची भांडणं मिटवायची, सरकारचा माणूस आला की त्याला सामोरं जायचं. हे काम ज्या घराकडे पिढ्यान्‌पिढ्या राहिलं, त्यांचं तेच आडनाव झालं. म्हणून आपल्या जिल्ह्यात मराठा पाटील आहेत, लेवा पाटील आहेत, गुजर पाटील आहेत आणि राजपूत पाटीलही आहेत. चौधरी आणि महाजन हेही असेच मान होते. बहिणाबाई आसोद्याच्या महाजनांकडे जन्मल्या आणि जळगावच्या चौधरींकडे नांदल्या. पुढे १९६२ च्या कायद्यानं महसुली पाटलाचं पद गेलं, आडनावं तेवढी उरली. गावात पोलीस पाटील अजून असतो, पण त्याचं आडनाव काहीही असू शकतं.

आमच्या खालच्या मजल्यावर शुल्झ आजी राहतात, तुला आठवत असतील. जुन्या जर्मन खेड्यात शुल्झ म्हणजे गावाचा मुख्य, लोकांकडून देणी वसूल करणारा. अगदी आपला पाटील! श्मिट म्हणजे लोहार, श्नायडर म्हणजे शिंपी. त्यांच्याशेजारी आपण राहायला आलो तेव्हा पाटलीण पाटलिणीच्या घरी गेल्यासारखंच होतं म्हण.

तिसरा प्रश्न मात्र मलाही लागलेला आहे. आपल्याकडे मधलं नाव बापाचं, आणि बाईचं लग्न झालं की तिथे नवऱ्याचं. प्रतिभाताई पाटील आपल्याच जिल्ह्यातल्या नाडगावच्या, वडील नारायणराव. २००७ मध्ये त्या राष्ट्रपती झाल्या. लग्नानंतरही त्यांनी पाटील हे माहेरचं आडनाव ठेवलं, पण मधे आलं देवीसिंह, यजमानांचं. माझ्याही मधल्या नावात लग्नापर्यंत तुझे नाना होते. आता पासपोर्टवर ते नाहीत, आणि ती जागा दिसली की मला आजही चुटपुट लागते. जगात याचे बरेच प्रकार आहेत. आइसलंडमध्ये बहुतेकांना घराण्याचं आडनावच नसतं. बापाच्या नावाला मुलासाठी 'सोन' आणि मुलीसाठी 'दोत्तिर' जोडतात, त्यामुळे सख्ख्या बहीण-भावाची शेवटची नावं वेगळी होतात. हवं तर आईचं नावही लावता येतं. स्पेनमध्ये मूल बापाचं आणि आईचं अशी दोन्ही आडनावं लावतं. इथिओपियात स्वतःचं, मग बापाचं, मग आजोबांचं नाव.

महाराष्ट्रातही बदल झालाय. १ मे २०२४ किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदपत्रांवर आधी मुलाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव लिहायचं, असा नियम आहे. मला तो मनापासून पटला. तू त्याआधीची, म्हणून तुझ्या हजेरीत मी नाही.

राहिलं तुझं नाव. ते मायनं सुचवलं. संत मुक्ताबाई आपल्याच तापीकाठी, मेहूणला गुप्त झाल्या असं मानतात. एदलाबादचं मुक्ताईनगर झालं ते त्यांच्यावरूनच. बारशाला तुझ्या कानात ते फुईनं, म्हणजे आत्यानं, सांगितलं, आणि पाठीत धपाटेही तिनंच खाल्ले.

वह्यांवर तुला माझं नाव घालायचंय ना? खुशाल घाल: आधी तुझं, मग माझं, मग बाबांचं, मग पाटील. बाईंनी विचारलं तर आई म्हणाली म्हणून सांग. परीक्षेच्या अर्जावर मात्र जन्मदाखल्यावर आहे तेच लिही, नाहीतर आबांना तालुक्याला हेलपाटे पडतील.

तुझी,
आई