काउंटरटेनर गायकाचं फक्त बरोक संगीतावर करिअर होऊ शकतं का?

हो, होऊ शकतं, निदान युरोपात तरी. (काउंटरटेनर म्हणजे बायकांच्या उंच पट्टीत गाणारा पुरुष, आणि बरोक म्हणजे साधारण १६०० ते १७५० मधलं युरोपीय संगीत.) हेंडेल, विवाल्डी यांच्या ऑपेरांत कास्त्रातो (लहानपणीच खच्चीकरण करून उंच आवाज टिकवलेल्या) गायकांसाठी लिहिलेल्या नायकाच्या भूमिका भरपूर आहेत आणि आज कास्त्रातो उरलेले नाहीत. हेंडेलच्या १७२४ सालच्या 'जुलिओ चेझारे'मधला सीझर सेनेसीनो या कास्त्रातोसाठी लिहिला होता. आता तो काउंटरटेनर गातात किंवा मेझो-सोप्रानो (मधल्या पट्टीच्या) गायिका (म्हणजे स्पर्धा बायकांशीही आहे, हे बहुतेकांच्या लक्षात येत नाही). फ्रान्सचा काउंटरटेनर फिलिप जारुस्की याची वाटचाल बघा: जन्म १९७८, आधी व्हायोलिन आणि पियानो, गाण्याकडे वळला अठराच्या सुमारास. २००२ मध्ये त्याने 'आर्तासेर्से' हा स्वतःचा वाद्यवृंद काढला, पुढे तरुण संगीतकारांसाठी अकादमी. माझ्या मते खरी हुशारी तीच, कारण मग कामासाठी सगळा भार ऑपेरा हाउसच्या बोलावण्यावर राहत नाही. फक्त एक अट: निव्वळ बरोकवर मोठी नावंही थांबलेली नाहीत. जारुस्की फ्रेंच गीतंही गातो, आता वाद्यवृंद-संचालनही करतो. इंग्लिश काउंटरटेनर आल्फ्रेड डेलरसाठी तर संगीतकार बेंजामिन ब्रिटनने १९६० मध्ये 'अ मिडसमर नाइट्स ड्रीम' या ऑपेरातली ओबेरॉनची भूमिका मुद्दाम लिहिली. तेव्हा बरोक पाया ठेवा, पण विसाव्या शतकातल्या दोन-तीन भूमिकाही तयार असू द्या.