गावकीने घर वाळीत टाकलं, तर आपलं भलं कुणाच्या भरवशावर पाहायचं?

तुम्ही लिहिलंय की दुसऱ्या जातीतल्या मुलीशी नोंदणी पद्धतीने लग्न केलं म्हणून गावकीने, म्हणजे गावच्या पंचांच्या बैठकीने, तुमच्या आईवडिलांचं घर वाळीत टाकलं. तुम्ही ठाण्यात नोकरीला, ते रायगडात गावी. पंच दंड मागतायत आणि वडील म्हणतायत, 'नारळ ठेव, माफी माग, पैसे भर आणि मिटव एकदाचं.' शेवटी तुम्ही विचारलंय, 'धर्म विरोधात, समाज विरोधात आणि सरकार कोसभर लांब. मग माझं भलं पाहणार कोण?'

मी रायगड जिल्ह्यातच तालुक्याच्या कोर्टात वकिली करतो. गावकीची प्रकरणं माझ्याकडे येतात, म्हणून थोडं सविस्तर लिहितो. पण आधी सरळ उत्तर देऊन टाकतो. दंड भरू नका आणि माफीही मागू नका.

ज्यांनी हे जवळून पाहिलेलं नाही त्यांना वाटतं, वाळीत टाकलं म्हणजे लोक बोलत नाहीत, एवढंच ना? माझ्याकडे आलेल्या एका बाईंनी सांगितलेलं ऐका. त्या दुकानात गेल्या, पाव किलो साखर मागितली. दुकानदाराने वर पाहिलंच नाही. त्यांच्या मागून आलेल्या पोराला काडेपेटी दिली, त्याचे पैसे घेतले, सुटे परत केले. बाई तिथेच उभ्या. दुकानदार वाईट माणूस नव्हता. पूर्वी याच बाईंना उधारीवर सामान देत होता. पण जो बोलेल त्याला दंड, असं बैठकीत ठरलेलं. मग चक्कीवर पीठ दळून मिळेना, भात लावायला गडी मिळेना, विहिरीवर यांची कळशी आली की बाकीच्या बायका बाजूला. शिमग्यात पालखी वाडीत आली. बाईंच्या सासूने अंगण सारवून, रांगोळी घालून, ओटीचं ताट तयार ठेवलं होतं. पालखी शेजारच्या अंगणात नाचली आणि यांच्या कुंपणावरून पुढे गेली. त्या म्हातारीने त्या दिवशी जेवण घेतलं नाही. साखर तालुक्याहून आणता येते, देव कुठून आणणार, असं ती म्हणाली.

तुमच्या वडिलांना हेच दिसतंय. म्हणून त्यांच्यावर चिडू नका. तुम्ही शहरात आहात, तुमची साखर गावकीच्या हातात नाही. त्यांची आहे.

इथेच मला धोंडो केशव कर्व्यांची आठवण होते. 1893 मध्ये त्यांनी गोदूबाई या विधवेशी लग्न केलं. त्या पंडिता रमाबाईंच्या शारदा सदनात शिकत होत्या. कर्वे दापोली तालुक्यातल्या मुरुडचे, आणि त्याच गावाच्या भल्यासाठी त्यांनी पूर्वी मुरुड फंड उभा केला होता. लग्नानंतर ते गावी गेले तर गावाने बैठक घेऊन त्यांच्यावर बहिष्कार टाकला. भावाने घरात घेतलं तर त्याचंही घर वाळीत. आई आणि भाऊ यांनी काय सोसलं असेल याचा विचार करा. कर्वे स्वतः तगले, कारण ते पुण्यात फर्ग्युसन कॉलेजात गणित शिकवत होते. पगार मुरुडच्या पंचांकडून येत नव्हता. 1896 मध्ये त्यांनी विधवांसाठी आश्रम काढला, 1916 मध्ये महिला विद्यापीठ. धैर्य तर होतंच, पण त्या धैर्याला पोटाचा आधार होता. मी अशा प्रत्येक प्रकरणात आधी हेच विचारतो: या घराचं रोजचं काय काय गावकीच्या हातात आहे, आणि त्यातलं काय काय आपल्याला बाहेर काढता येईल?

आता धर्माचं. धर्म तुमच्या विरोधात आहे हे तुम्ही पंचांच्या तोंडून ऐकलंय, म्हणून खरं मानू नका. परंपरा सांगते की आळंदीच्या विठ्ठलपंतांना संन्यास सोडून पुन्हा संसारात आल्याबद्दल वाळीत टाकलं होतं आणि त्यांची चार मुलं शुद्धिपत्रासाठी पैठणला गेली. त्यातल्या एकाला आपण आज माउली म्हणतो. 'विष्णुमय जग वैष्णवांचा धर्म, भेदाभेद भ्रम अमंगळ' हा तुकोबांचा अभंग ज्या देवळात म्हणतात, त्याच देवळात बसून हे पंच घर वाळीत टाकतात, हे मी पाहिलंय. मला त्याचा राग येतो. माझी स्वतःची पंढरीवर श्रद्धा आहे, आणि म्हणूनच सांगतो: देवावर तुमच्या आईचा जितका हक्क आहे त्याहून पंचांचा तसूभरही जास्त नाही. पालखी अडवली म्हणून देव अडत नाही, हे आईला तुम्ही स्वतः जाऊन सांगा. फोनवर नको.

कायद्यात मात्र धर्माचा प्रश्न इतका सोपा नाही, तेही सांगायला हवं. मुंबई राज्याने 1949 मध्येच बहिष्कृत करण्याला बंदी घालणारा कायदा केला होता. दाऊदी बोहरा समाजाचे धर्मगुरू सैयदना ताहेर सैफुद्दीन त्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात गेले. 1962 मध्ये न्यायालयाने बहुमताने तो कायदा रद्द केला. पंथाला आपला धार्मिक कारभार पाहण्याचा हक्क संविधानाच्या कलम 26 ने दिला आहे आणि धार्मिक कारणावरून एखाद्याला बाहेर काढणं हा त्याचा भाग आहे, असं बहुमताचं म्हणणं. सरन्यायाधीश भुवनेश्वर प्रसाद सिन्हा एकटे वेगळे राहिले. माणसाला त्याच्या समाजात अस्पृश्यासारखं करून टाकणारी सत्ता धर्माच्या नावाखाली चालू द्यायची का, हा त्यांचा सवाल होता, आणि मला आजही तेच मत पटतं. 2023 मध्ये पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने हा मुद्दा नऊ न्यायाधीशांच्या पीठाकडे पाठवला.

पण तुमच्या गावची गावकी म्हणजे काही पंथ नाही. तिथे धार्मिक तत्त्वाचा वाद नाही. तुम्ही कुणाशी संसार करायचा हे गावाने ठरवायचं, एवढीच हौस आहे. आणि त्यासाठी महाराष्ट्राने वेगळा कायदा केलाय. सामाजिक बहिष्कारापासून व्यक्तींचं संरक्षण करणारा हा कायदा विधिमंडळाने 2016 मध्ये मंजूर केला, राष्ट्रपतींची संमती मिळून जुलै 2017 पासून तो लागू झाला. देशात असा कायदा पहिल्यांदा आपल्याकडे झाला. तो सहजासहजी झाला नाही. नाशिकमध्ये 2013 साली आंतरजातीय लग्न केलेल्या गरोदर मुलीला बापाने मारलं आणि त्यामागे जातपंचायतीचा दबाव असल्याचं पुढे आलं. तेव्हापासून अंधश्रद्धा निर्मूलन समितीच्या (अंनिस) कार्यकर्त्यांनी जातपंचायतींना मूठमाती देण्याचं अभियान चालवलं. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा खून झाला, तरी काम थांबलं नाही. रायगडातली कितीतरी वाळीत पडलेली घरं त्याच काळात पहिल्यांदा बोलायला लागली.

या कायद्याने काय मिळतं? लग्नामुळे संबंध तोडणं, व्यवहार बंद करणं, देवळात, स्मशानात, समाजमंदिरात अडवणं, सण-समारंभात येऊ न देणं, हे सगळं गुन्हा. शिक्षा तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही. बहिष्कार टाकायला मदत करणारालाही तीच शिक्षा. वसूल झालेल्या दंडातून पीडिताला रक्कम देता येते. गुन्हा दखलपात्र आहे, म्हणजे पोलीस ठाण्यात 'एनसी (अदखलपात्र नोंद) लिहून घेतो' म्हणून कुणी तुमची बोळवण केली तर मान्य करू नका. थेट न्यायदंडाधिकाऱ्यांकडेही तक्रार करता येते. आरोपपत्र दाखल झाल्यापासून सहा महिन्यांत खटला संपवावा, असं कायदा म्हणतो. प्रत्यक्षात तारखा पडतात, हे मी तुमच्यापासून लपवत नाही. गुन्हा जामीनपात्रही आहे, त्यामुळे पंच संध्याकाळी घरी परततील याचीही तयारी ठेवा.

तुमची पत्नी अनुसूचित जाती किंवा जमातीची असेल तर तिच्यावरचा बहिष्कार ॲट्रॉसिटी कायद्यातही बसतो, तो कायदा जास्त कडक आहे. आणि 'जमिनीतला वाटा गेला' अशी धमकी पंच देत असतील तर ती पोकळ आहे. विशेष विवाह कायद्याखाली लग्न केलेला हिंदू माणूस एकत्र कुटुंबापासून वेगळा धरला जाई, हे खरं; पण नवरा-बायको दोघंही हिंदू, बौद्ध, शीख किंवा जैन असतील तर 1976 च्या दुरुस्तीनंतर तसं होत नाही.

दंड का भरायचा नाही, तेही सांगतो. पैसे भरले की तुम्ही त्यांचं न्यायालय मान्य केलंत. पुढच्या वर्षी बाळाच्या बारशाला कुणाला बोलवायचं यावर पुन्हा बैठक, पुन्हा नारळ. दंड भरून परत आलेलं घर गावात मोकळं वावरताना मी क्वचितच पाहिलंय. त्याच्याकडे कायम उधारी बाकी असल्यासारखं बघतात. आणि पुढच्या जोडप्याला तुमचीच पावती दाखवतात.

'सरकार लांब आहे' हे तुमचं म्हणणं मला अर्धं मान्य आहे. डॉ. आंबेडकर 4 नोव्हेंबर 1948 रोजी घटना समितीत म्हणाले होते की मसुद्याने गाव बाजूला ठेवून व्यक्ती हा घटक धरला याचा मला आनंद आहे. किती जणांना तेव्हा ते झोंबलं! पण वाळीत पडलेल्या घराच्या ओट्यावर बसून ते वाक्य आठवा, म्हणजे त्याचं मोल कळतं. तुमच्या आईचं रेशन गावकीच्या नावावर नाही, तिच्या कार्डावर आहे. रेशन दुकानदाराने धान्य नाकारलं तर तहसीलदाराकडे पुरवठा शाखेत एका अर्जाने तो जाग्यावर येतो, कारण त्याचा परवाना सरकारचा आहे. हे सगळ्यात आधी करा. मात्र शेजारणीने अंगणात येऊन गप्पा माराव्यात असा हुकूम कोणताही दंडाधिकारी काढू शकत नाही. ते सरकारच्या ताकदीबाहेरचं आहे, आणि वडिलांना नेमकं तेच हवंय.

म्हणून मी तक्रार आणि माणसं अशी दोन्ही कामं एकदम करायला सांगतो. गावात दोन-तीन घरं तरी अशी असतात ज्यांना हे पटलेलं नसतं. रात्री मागच्या दाराने दूध देणारं एखादं घर असतंच. त्यांना साक्षीला ओढू नका इतक्यात, पण त्यांच्याशी धागा ठेवा. गावचं मुंबई मंडळ, म्हणजे मुंबईत राहणाऱ्या गावकऱ्यांचं मंडळ, असेल तर तिथल्या शिकल्या-सवरलेल्यांशी बोला. बरेचदा पंचांचा पाठीराखा तिथेच बसलेला असतो आणि गुन्ह्यात आपलंही नाव येईल म्हटल्यावर पहिला तोच माघार घेतो. तालुक्यातल्या अंनिसच्या कार्यकर्त्यांना सोबत घ्या. पोलीस ठाण्यात पंच आणि घरचे समोरासमोर बसून, बहिष्कार मागे घेतल्याचं लेखी देऊन मिटलेली प्रकरणं मी पाहिली आहेत. तडजोड करायची तर अशी करा, आणि कागदावर. खटला उभा राहिल्यावर मिटवायचं झालं तरी पीडिताची संमती आणि कोर्टाची परवानगी लागते, म्हणजे दोरी तुमच्या हातात राहते.

पुरावा हा या प्रकरणांचा कच्चा दुवा. 'वाळीत टाकलं' असा ठराव कुणी लिहून ठेवत नाही. म्हणून आईला एक साधी वही द्या. तारीख, कोणत्या दुकानात, कोण काय बोललं, कोण समोर होतं. गावच्या ग्रुपवर आलेले मेसेज पुसू नका आणि तो मोबाइल विकू-बदलू नका. कोर्टात ते दाखवायचे तर त्यासोबत प्रमाणपत्र जोडावं लागतं. दंडाची मागणी फोनवर झाली असेल तर तो फोन कुणाचा, किती वाजता, हे आजच लिहून ठेवा. वकिलाचा खर्च झेपत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. आईच्या नावाने अर्ज केलात तर उत्पन्न कितीही असो, स्त्री म्हणून तिला मोफत वकील मिळतो.

तक्रारीत 'गावकीने' असं मोघम लिहू नका. बैठक कोणत्या दिवशी, कुठे, कुणी बोलावली, कोण काय म्हणालं, हे नावानिशी हवं. आणि फिर्यादी आई किंवा वडील असावेत, कारण बहिष्कार रोज तेच भोगतायत. त्यांची तयारी नसेल तर घाई करू नका. आधी रेशनचा अर्ज आणि वही एवढं सुरू करा, वडिलांना त्यातून थोडा धीर येईल. मसुदा तयार झाला की नावं आणि गाव वगळून इथेच खाली टाका, मी वाचून दुरुस्त्या सुचवतो.